स्वप्नातल्या राजवाड्याचं पुस्तक सुचवा (वय १०, बजेट ८००)

पाटीपेन्सिल
नमस्कार मंडळी. लेक १० वर्षांची आहे. गेले दोन महिने सकाळी उठली की "आज परत तो वाडा आला होता" म्हणते. खूप जिने आहेत म्हणे, आणि वरच्या मजल्यावर पोचायच्या आत जाग येते. घाबरत नाही, पण वर काय आहे ते राहिलं याची तिला दिवसभर चुटपुट लागते. स्वप्नातल्या राजवाड्याकडे कुणीतरी निघालंय अशी गोष्ट हवी आहे. इंग्रजी असेल तर मी मराठीत सांगेन. बजेट ८०० रुपये, या महिन्यात त्यावर शक्य नाही.

जुनी_रद्दी
विन्सर मॅकेचं 'लिटल निमो इन स्लंबरलँड', निमो नावाच्या मुलाच्या स्वप्नांची चित्रकथा. दुसरीकडे बघूच नका. १५ ऑक्टोबर १९०५ पासून 'न्यूयॉर्क हेरल्ड'च्या रविवारच्या अंकात पानभर रंगीत यायचं. स्वप्नांचा राजा मॉर्फियस आपल्या राजकन्येला सवंगडी हवा म्हणून निमोला बोलावणं धाडतो. निमो दर आठवड्याला निघतो, काहीतरी विघ्न येतं आणि शेवटच्या चौकटीत तो आपल्या पलंगाशी जागा होतो. राजवाड्याचं दार दिसायलाच कित्येक महिने जातात. ताई, ही तुमच्या लेकीचीच गोष्ट आहे!
माझ्याकडे मूळ वर्तमानपत्राच्या पानाएवढी आवृत्ती आहे, भावाने परदेशातून येताना आणली. कपाटात मावत नाही, दिवाणाखाली ठेवतो. पण ते खांब, त्या कमानी एवढ्याच मोठ्या बघायला हव्यात. थोडे पैसे साठवा आणि तीच घ्या.

रातराणी७
निमोला +१. मात्र स्वस्तातली छोटी आवृत्ती घेऊ नका. मी घेतली आणि पस्तावले. मॅकेने फुग्यांतली अक्षरं मुळातच दाटीवाटीने लिहिली आहेत, पान लहान केलं की भिंग घेऊन बसावं लागतं. विक्रेत्याने परतही घेतलं नाही. साडेसातशे रुपये गेले ते गेलेच.

घाटमाथा
बजेट ८०० आहे, पहिल्या पोस्टमध्येच लिहिलंय. ही जुनी पानं हक्कमुक्त आहेत, जालावर चांगल्या प्रतीत मिळतात. झेरॉक्सवाल्याकडून ए३ रंगीत छापून घ्या, दर रविवारी एक पान द्या. मुळात ती अशीच वाचली जायची.
एक सावधगिरी: इंपी नावाचं पात्र येतं, ते आफ्रिकी माणसाचं विद्रूप व्यंगचित्र आहे. ती पानं आधी स्वतः बघा, मग दाखवायची की वगळायची ते ठरवा. मी माझ्या मुलाला दाखवली आणि त्यावर बोललो.

कोकणकडा
नील गेमनची 'सँडमन' ही चित्रकथा घ्या. १९८९ ते १९९६, ७५ अंक, माझ्याकडे सगळे आहेत, कातडी बांधणीतले. स्वप्नांचा राजा अनेक दशकं कैदेत असतो, सुटून येतो तर त्याचा राजवाडा ढासळलेला. आणि तिथलं ग्रंथालय! लेखकांनी नुसती स्वप्नात पाहिलेली, कधी लिहिलीच नाहीत अशी पुस्तकं तिथे मांडलेली आहेत. मला याहून सुंदर कल्पना कुठे भेटली नाही.

रातराणी७
दहा वर्षांच्या मुलीला सँडमन? पहिल्याच भागात काय काय आहे ते आठवा जरा.

कोकणकडा
सोळाव्या वर्षी देतील. पुस्तक घरात असलेलं बरं.

शेवंती_पुणे
आपल्याकडे नाही का? भागवताच्या दहाव्या स्कंधात बाणासुराची मुलगी उषा स्वप्नात अनिरुद्धाला बघते. चित्रलेखा एकेकाचं चित्र काढून दाखवते, ओळख पटल्यावर द्वारकेहून झोपलेल्या अनिरुद्धाला उचलून शोणितपुरच्या महालात आणते. माझी आजी हे तीन रात्री पुरवून सांगायची.

उत्तररात्र
अमेरिकी भयकथाकार लव्हक्राफ्टची 'द ड्रीम-क्वेस्ट ऑफ अननोन कडाथ' ही छोटी कादंबरी कुणीच कशी सांगितली नाही? लिहून झाली १९२७ मध्ये, छापली गेली १९४३ मध्ये, लेखक जाऊन सहा वर्षं झाल्यावर. रँडॉल्फ कार्टर स्वप्नात तीनदा एक सोनेरी नगर बघतो आणि तिन्ही वेळा तिथल्या उंच गच्चीवरूनच जागा होतो. मग हट्टाने निघतो: हलक्या झोपेतल्या ७० पायऱ्या उतरून ज्वाळांच्या गुहेत, पुढे ७०० पायऱ्या उतरून गाढ झोपेच्या दारापाशी. वाटेत उल्थार लागतं, जिथे मांजर मारायला कायद्याने बंदी आहे. पुढे मांजरांची फौज चंद्रावर जाऊन त्याला सोडवून आणते. कडाथच्या शिखरावर देवांचा गोमेदी किल्ला आहे. पण पोचल्यावर कळतं की तो रिकामा आहे, देव त्याच्याच नगरात राहायला गेलेत, आणि ते नगर त्याने लहानपणी जीव लावलेल्या घरादारांचं, गल्ल्यांचं बनलेलं आहे.
मुलांसाठी मात्र नाही. प्रेतं खाणारे घूल आहेत, चंद्रावरचे किळसवाणे प्राणी आहेत, आणि प्रकरणं न पाडलेला सलग मजकूर आहे.

जुनी_रद्दी
शेवट सांगून टाकलात! मी कालच वाचायला घेतली होती.

उत्तररात्र
क्षमस्व. पण शेवट माहीत असूनही मी चार वेळा वाचली आहे.

विटीदांडू
सगळं वाचलं नाही. लिटल निमो सुचवलं का कुणी?

शेवंती_पुणे
अवांतर: इंग्रज कवी कोलरिजने मंगोल सम्राट कुब्लाईच्या राजवाड्यावरची 'कुब्ला खान' ही कविता स्वप्नातून उठून लिहिली. स्वप्न १७९७ चं, छापली १८१६ ला, मध्येच कुणीतरी कामासाठी आलं म्हणून ५४ ओळींवर थांबली. आणि इराणी इतिहासकार रशीदुद्दीनच्या चौदाव्या शतकातल्या इतिहासात लिहिलंय की खुद्द कुब्लाईनेही तो राजवाडा स्वप्नात बघून बांधवला. कोलरिजच्या हयातीत तो इतिहास युरोपीय भाषेत आलेलाच नव्हता. अंगावर काटा येतो.

घाटमाथा
रशीदुद्दीनचं मी अर्जेंटिनाचा लेखक बोर्हेसच्या निबंधात वाचलं होतं. पण इथे प्रश्न दहा वर्षांच्या मुलीचा आहे.

पाटीपेन्सिल
सगळ्यांचे मनापासून आभार. धागा वाचत असताना लेक शेजारी बसली होती. मांजर मारायला बंदी असलेल्या गावाशी आली आणि "हेच" म्हणाली. निमोची दोन पानं दाखवली, आवडली, पण हट्ट उल्थारचाच. तेव्हा कडाथ. जालावर मोफत मिळाली, विकत काहीच घेतलं नाही. मी आधी वाचते, घूल आणि चंद्रावरचे प्राणी गाळून रात्री मराठीत सांगते.
उत्तररात्र, तुम्ही शेवट सांगितलात ते बरं झालं. त्यावरून मी तिला विचारलं, तुझ्या वाड्यातलं काही ओळखीचं आहे का गं? बराच वेळ विचार करून म्हणाली, जिन्याचा कठडा वाईच्या आजीच्या घरचा आहे. ते घर विकून तीन वर्षं झाली. तेव्हा ती सात वर्षांची होती, माडीवर एकटीने जाऊ द्यायचो नाही.
काल ७०० पायऱ्या मोजत उतरलो. साडेतीनशेला झोपली. आज उरलेल्या.

जुनी_रद्दी
माडीचे फोटो असतील तर शोधून दाखवा तिला. आणि निमो तरीही घ्याच.