आवाज कधीच मरत नाही म्हणे! (नव्या 'नादधर्मा'च्या निमित्ताने)

सरळसोट:
काल इथे एका सदस्याने स्वतः काढलेल्या 'नादधर्मा'ची मांडणी टाकली, ती वाचल्यापासून डोकं भणभणतंय म्हणून हा वेगळा धागा. ज्यांनी वाचली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात: देव नाही, ग्रंथ नाही, पुजारी नाही. सकाळी उठून संकल्प मोठ्याने बोलायचा आणि मग एकच स्वर श्वास संपेपर्यंत धरायचा. का, तर आवाज कधीच नष्ट होत नाही, त्यामुळे संकल्प विश्वात फिरत राहतो आणि काम करतो.

पुजारी नको हे मला दोन्ही हातांनी मान्य. पण आवाज मरत नाही हे कुठून आणलं? आवाज म्हणजे हवेच्या दाबातली लहर. 20 अंशांना सेकंदाला साधारण 343 मीटर धावते, पसरत जाते तशी क्षीण होते, भिंती, पडदे, खुद्द हवा तिला शोषून घेते आणि शेवटी उरते नगण्य उष्णता. वातावरणाबाहेर तर जायला माध्यमच नाही. ऊर्जा टिकते हे बरोबर, पण त्यातले तुमचे शब्द टिकत नाहीत. धर्म काढा, जरूर काढा, पण शाळेतलं विज्ञान मोडून त्याचा पाया घालू नका.

अनाहत:
मांडणी माझीच. तुम्ही एकच वाक्य धरून बसलात. क्लाड्नी या जर्मन शास्त्रज्ञाने 1787 मध्येच दाखवून दिलं होतं की तबकडीवर वाळू पसरून कडेला व्हायोलिनचा गज ओढला की वाळूची नक्षी तयार होते आणि स्वर बदलला की नक्षी बदलते. आवाज पदार्थाला आकार देतो हे डोळ्यांना दिसतं. मग माणसाला देणार नाही?

सरळसोट:
तबकडी जिथे हलत नाही तिथे वाळू जमा होते, एवढंच आहे ते. नक्षी ठरते तबकडीच्या आकारावर, जाडीवर आणि स्वरावर. गज ओढणाऱ्याच्या मनात आशीर्वाद होता की शिवी, याने वाळूला काडीचा फरक पडत नाही. म्हणजे तुमच्या धर्माचा अर्धा भाग, संकल्प, तुमच्याच उदाहरणात गैरहजर आहे.

तारषड्ज:
स्वर कुठला धरायचा ते लिहिलंच नाहीये. आता कोणीतरी '432 हर्ट्झ हाच विश्वाचा स्वर' अशी टेप लावेल म्हणून आधीच सांगतो. वाद्यं जुळवायची 440 हर्ट्झ ही सोयीसाठी ठरवलेली पट्टी आहे, 1939 च्या लंडन परिषदेत ठरली, त्याआधी देशोदेशी वेगवेगळ्या होत्या. 432 मध्ये विश्वाचं काही गुपित नाही. आणि ते पृथ्वीचे 7.83 हर्ट्झ म्हणून जे फिरवतात तो आवाजच नव्हे, विद्युतचुंबकीय लहरी आहेत. आपल्या गाण्यात षड्ज, म्हणजे 'सा', ज्याच्या त्याच्या गळ्याचा असतो, उगाच आकडे विकू नका.

थांबाजरा:
मला वेगळंच खटकलं. "संकल्प मोठ्याने आणि स्पष्ट बोलावा." मी लहानपणापासून अडखळतो. 'प' आणि 'क' वर ओठ-घसा असा आवळतो की समोरचा नजर वळवतो. शाळेत श्लोक म्हणताना एका अक्षरावर अडकलो की गुरुजी सगळ्या वर्गाला थांबवून तेच अक्षर माझ्याकडून वदवून घ्यायचे. म्हणजे नव्या धर्मातही आम्ही दारातच?

घनपाठी:
भावना समजतात, पण ध्वनीचा धर्म म्हटला की उच्चार आलाच. त्वष्ट्याची गोष्ट आठवा. इंद्राला मारणारा पुत्र हवा म्हणून यज्ञ केला, 'इंद्रशत्रु' शब्दाचा स्वराघात चुकला आणि अर्थ झाला 'इंद्र ज्याला मारणार तो'. तो पुत्र, वृत्र, इंद्राच्याच हातून मेला. संकल्प शंभर टक्के पक्का होता, स्वर चुकला. पतंजलीने महाभाष्य या व्याकरणग्रंथात हेच उदाहरण दिलंय.

थांबाजरा:
आणि अजामिळ? भागवताच्या सहाव्या स्कंधात आहे. यमदूत बघून घाबरला, 'नारायण' म्हणून पोराला हाक मारली, देवाचा विचारही मनात नव्हता, तरी सुटला. एका गोष्टीत संकल्प असून बुडाला, दुसरीत नसून तरला. तुम्ही नेमकी आम्हाला बाहेर ठेवणारी गोष्ट निवडलीत.

घनपाठी:
भक्तीचा नियम यज्ञाला लावू नका. वेदांचा पाठ शुद्ध राहावा म्हणून पद, क्रम, जटा, घन अशा म्हणण्याच्या पद्धती रचून पिढ्यान्‌पिढ्या घसा झिजवलाय लोकांनी. त्यात माझं घरही आहे. हे कोणाला हिणवायला नव्हतं.

थांबाजरा:
कशाला होतं ते राहू द्या, लागतं कोणाला ते मी सांगितलं!

मौनी:
दोघेही थांबा. मनुस्मृतीत जपाची उतरंड आहे, पुटपुटलेला जप विधिपूर्वक केलेल्या यज्ञाच्या शंभरपट आणि मनातला हजारपट. म्हणजे आवाज जितका कमी तितकं फळ जास्त. सतराव्या शतकात इंग्लंडात निघालेल्या क्वेकर या ख्रिस्ती पंथाचे लोक तर एकत्र शांत बसतात, कोणाला आतून वाटलं तरच बोलतो. मोठ्याने बोलायची सक्तीच काढून टाका.

सरळसोट:
मनातला असो वा तोंडातला, दूरवर काम करतो का हा प्रश्न आहेच. बेन्सन या अमेरिकन डॉक्टरांच्या गटाचा 2006 चा अभ्यास आहे, दुसऱ्यांनी दुरून केलेल्या प्रार्थनेचा हृदयाच्या बायपासच्या 1802 रुग्णांवर काही परिणाम होतो का ते पाहिलं. ज्यांच्यासाठी प्रार्थना झाली पण ती होतेय अशी खात्री दिली नव्हती त्यांच्यात शस्त्रक्रियेनंतरची गुंतागुंत 52 टक्के, ज्यांच्यासाठी झालीच नाही त्यांच्यात 51. आणि तुमच्यासाठी प्रार्थना चालू आहे असं ज्यांना ठामपणे सांगितलं, त्यांच्यात 59.

अनाहत:
ठीक आहे, विश्वात फिरत राहण्याचं वाक्य काढतो. तुमच्या सुरामुळे नव्हे, वाळूचा मुद्दा बिनतोड होता म्हणून. पण स्वर सोडणार नाही. गुणगुणताना नाकातून बाहेर पडणारा नायट्रिक ऑक्साइड शांत उच्छ्वासापेक्षा 15 पट असतो हे स्वीडनमधल्या संशोधकांनी 2002 मध्ये मोजलंय. शरीरात काहीतरी घडतं. आणि संकल्प चार माणसांनी ऐकला की मोडताना तोंड लपवावं लागतं, मनातला गुपचूप मोडता येतो. माझ्यासाठी तो 'काम करतो' तो एवढ्यासाठी.

सरळसोट:
मग ती साक्षीदारांसमोर घेतलेली शपथ झाली. त्याला धर्म कशाला म्हणायचं?

अनाहत:
कारण शपथ एकदा घेतात आणि घरी जातात. मला रोज सकाळी त्याच माणसांत जाऊन बसायचंय.

थांबाजरा:
बोलताना अडखळणारे बरेचजण गाताना अडखळत नाहीत, माझंही तसंच आहे. संकल्प सुरात म्हटलेला चालणार असेल आणि मधेच अडकलो तर कोणी अक्षर पुरवणार नसेल, तर मला कळवा.

घनपाठी:
आणि पट्टी तारषड्ज म्हणतात तशी ज्याची त्याची असू द्या. उच्चाराबद्दल मी आता काही बोलत नाही.