शारास यासिकेविचुस : एनबीएतली दोन वर्षं किती मोजायची?

पोस्टअप

मे २०२५ मध्ये अबू धाबीला तुर्कीच्या फेनरबाचेने मोनाकोला ८१-७० हरवून बास्केटबॉलची युरोलीग (युरोपातल्या क्लबांची सर्वात मोठी स्पर्धा) जिंकली. मी आमच्या जुन्या खेळाडूंच्या ग्रुपवर प्रशिक्षक शारुनास यासिकेविचुसचं (लिथुआनियात सगळे त्याला 'शारास' म्हणतात) तोंडभरून कौतुक केलं. त्यावर एकाने एका ओळीत निकाल लावला, 'कोच चांगला आहे, पण खेळाडू म्हणून एनबीएत आपटला होता.' एनबीए म्हणजे अमेरिकेतली व्यावसायिक लीग. तेव्हापासून डोक्यात हेच घोळतंय, म्हणून हा धागा.

आधी माणूस कोण ते सांगतो. जन्म १९७६, काउनास. दिग्गज बास्केटबॉलपटू साबोनिसचंही गाव हेच. लिथुआनियाची लोकसंख्या तीस लाखांच्याही आत, आणि तिथे बास्केटबॉलला दुसरा धर्म म्हणतात ते उगाच नाही. १९३९ ची युरोपीय स्पर्धा काउनासलाच झाली होती आणि यजमानांनीच जिंकली होती. अशा गावातला हा मुलगा अमेरिकेत शाळा करून मेरीलँड विद्यापीठात चार वर्षं खेळला. १९९८ च्या ड्राफ्टमध्ये (एनबीए क्लब नवे खेळाडू निवडतात तो कार्यक्रम) त्याला कुणीही घेतलं नाही. परत आला, आणि मग युरोलीग जिंकली ती २००३ मध्ये बार्सिलोनाकडून, २००४ आणि २००५ मध्ये मकाबी तेल अवीवकडून, २००९ मध्ये ग्रीसच्या पानाथिनाइकोसकडून. चार करंडक, तीन क्लब. मधेच २००३ मध्ये लिथुआनियाला युरोपचं सुवर्ण मिळवून दिलं आणि स्पर्धेतला सर्वोत्तम खेळाडूही तोच ठरला.

आणि एवढ्या सगळ्यातून लोकांच्या लक्षात काय राहावं, तर इंडियाना आणि गोल्डन स्टेट या एनबीए संघांमधले दोन हंगाम! माझं म्हणणं स्पष्ट आहे, ही दोन वर्षं त्याच्या कारकिर्दीची मोजपट्टी होऊच शकत नाहीत.

मैदानी

साफ असहमत. मोजपट्टी का होऊ नये? जगातली सगळ्यात कठीण लीग एनबीए आहे, यावर तरी दुमत नसावं. २००५ मध्ये तो तिथे गेला तेव्हा कोवळा नव्हता. २९ वर्षांचा होता, तीन युरोलीग खिशात होत्या, फॉर्म शिखरावर होता. पहिल्या हंगामात सरासरी सात-साडेसात गुण. दुसऱ्या हंगामात, जानेवारी २००७ मध्ये, आठ खेळाडूंच्या अदलाबदलीत त्याला गोल्डन स्टेटला पाठवलं, आणि उन्हाळ्यात गडी ग्रीसला.

का, तेही सांगतो. बचाव. समोरचा गार्ड (चेंडू खेळवणारा खेळाडू) वेगवान असला की शारासचे पाय मागे राहायचे. युरोपात मागे बास्केटजवळ खेळणारा उंचापुरा सेंटर झाकून घ्यायचा, तिथे उघडा पडला. म्हणून तो वाईट खेळाडू ठरत नाही, पण 'महान' म्हणताना हा कप्पा झाकून ठेवू नका. चेंडू हातात नसतानाचा खेळ हाही खेळच असतो.

नागपूरकर गार्ड

मैदानी, बचावाचं अर्धं मान्य. पण तुम्ही नियमांचा फरक सोडून देताय.

एनबीएत बचावपटूला कुणाला न धरता बास्केटखालच्या पट्ट्यात तीन सेकंदांपेक्षा जास्त उभं राहता येत नाही. म्हणजे आतली जागा मोकळी राहते आणि पहिल्या पावलात समोरच्याला मागे टाकणाऱ्याचं फावतं. युरोपात तसं बंधन नाही, सेंटर तिथे तळ ठोकून बसू शकतो. तिथे वेगापेक्षा कोन महत्त्वाचा.

शारासचा पिक अँड रोल आठवा. उंच सहकारी स्क्रीन लावून (बचावपटूची वाट अडवून) उभा राहिला की हा त्याला घासून निघायचा, पण पळत सुटायचा नाही. मुद्दाम गती कमी करायचा, मागून येणाऱ्या बचावपटूला पाठीवर घ्यायचा. आता समोर उरला एकटा सेंटर. त्याने एक पाऊल पुढे टाकलं की त्याच्या काखेखालून टप्पा पास. मागे राहिला की थांबून तीन गुणांचा शॉट. सेंटर हलेपर्यंत हा ठरवायचाच नाही! मी कॉलेजात गार्ड खेळायचो. ते 'थांबणं' जमवायला दोन वर्षं घालवली, नाही जमलं. पाय आपोआप पळतात.

हा खेळ चालायला चेंडू सतत त्याच्या हातात हवा. इंडियानात तो बाकावरून यायचा. त्याच हंगामात सहखेळाडू आर्टेस्टने दुसऱ्या संघात बदली मागितली, संघाचं अवघं घर विस्कटलेलं. तिथे त्याला कितीसा चेंडू मिळणार?

मैदानी

'कितीसा चेंडू मिळणार' हे कारण प्रत्येकालाच देता येतं. जिनोबिली अर्जेंटिनाहून इटलीमार्गे एनबीएत गेलाच ना? त्यानेही बाकावरून येऊन करंडक जिंकले. ज्याला जमलं त्याने जमवलं.

पोस्टअप

जिनोबिलीचं उदाहरण चांगलं आहे, मी ते नाकारत नाही. पण तो २५ व्या वर्षी गेला, पाय वेगळे, आणि सॅन अँटोनिओच्या संघासारखं घर मिळालं.

तुम्हाला अमेरिकेचीच मोजपट्टी हवी आहे ना, मग ती ऑलिंपिकलाही लावा. सिडनी २०००, उपांत्य सामना, अमेरिका ८५, लिथुआनिया ८३. घड्याळ संपत आलेलं, चेंडू शारासच्या हातात. तोल गेलेल्या अवस्थेत त्याने लांबून फेकला आणि तो थोडा आखूड पडला. गेला असता तर एनबीएतले खेळाडू असलेला अमेरिकेचा संघ ऑलिंपिकमध्ये पहिल्यांदा हरला असता. आणि हा पोरगा कोण, तर दोन वर्षांपूर्वी ज्याला एकाही क्लबाने ड्राफ्टमध्ये घेतलं नव्हतं तो. पुढच्या सामन्यात ऑस्ट्रेलियाला हरवून त्यांनी कांस्य घेतलं.

चार वर्षांनी अथेन्स, गटातला सामना. डंकन आणि आयव्हरसन हे एनबीएचे तारे असलेली अमेरिका. लिथुआनिया ९४, अमेरिका ९०. शारासचे २८ गुण, आणि शेवटच्या काही मिनिटांत एकापाठोपाठ एक तीन गुणांचे शॉट. तो शेवटचा टप्पा मी आजही लावून बघतो. चेंडू हातात हवा होता, मिळाला, आणि त्याने काय केलं ते सगळ्यांनी पाहिलं.

मैदानी

एक सामना आणि ८२ सामन्यांचा हंगाम यात फरक असतो, एवढंच म्हणतो. बाकी अथेन्सचा सामना मलाही पाठ आहे. आणि कांस्यपदकाच्या लढतीत त्याच अमेरिकेने लिथुआनियाला हरवलं, तेही लिहायला हवं होतं.

श्रुती (कोलोन)

खेळाडू म्हणून काय तो वाद चालू द्या. मला कोच म्हणून जो गवगवा होतो त्याबद्दल बोलायचंय, कारण तिथे माझा खरा आक्षेप आहे.

बार्सिलोनात २०२० ते २०२३ त्याला मोठा संघ मिळाला, मिरोतिचसारख्या बड्या खेळाडूसकट. स्पॅनिश लीग दोनदा जिंकली, मान्य. पण युरोलीग? २०२१ ची अंतिम लढत इथे कोलोनमध्ये झाली, तुर्कीच्या एफेसकडून ८६-८१ ने हरले. पुढची दोन्ही वर्षं उपांत्य फेरीत रेआल माद्रिदकडून हार. त्यातली २०२३ ची तर काउनासमध्ये, त्याच्या स्वतःच्या गावच्या मैदानात. आणि टाइमआउटला तो खेळाडूंवर ज्या भाषेत ओरडतो त्याचे व्हिडिओ लोक कौतुकाने फिरवतात. मी इथे मुलींच्या संघाला शिकवते. चौदा-पंधरा वर्षांच्या मुली ते बघतात आणि कोच असाच असतो असं समजतात. मला ते पटत नाही, पटणारही नाही.

पोस्टअप

ताई, ओरडण्याबद्दल मी तुमच्याशी भांडणार नाही. मलाही ते बघवत नाही.

पण त्याच माणसाचा २०१७ चा प्रसंग बघा. तेव्हा तो कोच असलेल्या काउनासच्या झालगिरिस क्लबचा ब्राझिलियन सेंटर ऑगुस्तो लिमा लिथुआनियन लीगच्या उपांत्य फेरीच्या काळात बाळाच्या जन्मासाठी निघून गेला. पत्रकार परिषदेत एका तरुण पत्रकाराने विचारलं, ऐन उपांत्य फेरीत खेळाडूने जाणं योग्य आहे का? शारासने त्यालाच विचारलं, तुला मुलं आहेत का? आणि मग सांगितलं, तुला होतील तेव्हा कळेल, माणसाच्या आयुष्यात याहून मोठं काही नाही. लिमाला जाण्याची परवानगी त्यानेच दिली होती. खेळाडूला माणूस न मानणारा कोच असं करत नाही.

आणि बार्सिलोनाच्या आधीचं झालगिरिस का वगळता? २०१८ मध्ये पैशाने कितीतरी मोठ्या असलेल्या ग्रीसच्या ऑलिंपियाकोसला बाहेर काढून तो संघ युरोलीगच्या अंतिम चारमध्ये गेला, १९९९ नंतर पहिल्यांदाच. तिथे तिसऱ्या जागेसाठी मॉस्कोच्या चेस्काला ७९-७७ ने हरवलं. कप्तान यांकुनास तर आधी त्याचा सहखेळाडू होता.

श्रुती (कोलोन)

लिमाचा प्रसंग माहीत आहे, त्या उत्तराला मीही सलाम केला होता. पण एका पत्रकाराला दिलेलं सुंदर उत्तर आणि रोजची वागणूक या दोन गोष्टी आहेत. झालगिरिसबद्दल मात्र तुमचं बरोबर, ते मी सोडायला नको होतं.

नागपूरकर गार्ड

झालगिरिसचा विषय निघालाच आहे तर एक सांगतो. एप्रिल २००४, तेल अवीव. साबोनिस असलेला झालगिरिस अंतिम चारच्या उंबरठ्यावर, दोन-सव्वादोन सेकंद उरलेले, तीन गुणांनी पुढे. मकाबीच्या डेरिक शार्पने मैदानाच्या त्या टोकाकडून आलेला पास पकडून, वळून, तीन गुणांचा शॉट मारला. सामना जादा वेळेत गेला, मकाबी जिंकली. त्या मकाबीचा गार्ड होता शारास. स्वतःच्या गावच्या संघाला घरी पाठवून करंडकाकडे गेलेला माणूस दहा वर्षांनी त्याच गावात खेळून निवृत्त झाला आणि तिथेच कोच झाला. काउनासने त्याला डोक्यावर घेतलं. तिथल्या लोकांना त्याचं मोल एनबीएवरून ठरवावं लागलं नाही.

मैदानी

गावाचं प्रेम आणि खेळाचं मोजमाप यात मी गल्लत करणार नाही. माझं मत तेच, युरोपातला पहिल्या पाचातला गार्ड, पण बचावाचा डाग कायम. कोच म्हणून मात्र अबू धाबीनंतर बोलायला जागा उरली नाही.

पोस्टअप

अबू धाबीचं एक राहिलंच. त्या रात्री मोनाकोच्या बाकावर कोच म्हणून होता वासिलिस स्पानुलिस. २००९ ला बर्लिनमध्ये पानाथिनाइकोसने चेस्काला ७३-७१ ने हरवलं तेव्हा तो आणि शारास प्रशिक्षक ओब्रादोविचच्या एकाच संघात होते. आणि स्पानुलिसही २००६ मध्ये एनबीएतल्या ह्यूस्टनला गेला होता, एक हंगाम जेमतेम खेळून परत आला. युरोपच्या अंतिम सामन्यात दोन्ही बाकांवर 'एनबीएत आपटलेले' गार्ड उभे होते, मैदानी.