कोरीन ल्युशेर : शिक्षा नक्की कशाची?

जुना_प्रोजेक्टर:
१९३८ मध्ये 'प्रिझों सां बारो' आला तेव्हा फ्रेंच नटी कोरीन सतरा वर्षांची होती. सुधारगृहातल्या मुलीचं काम, आणि एका रात्रीत नाव झालं. आणखी चार-पाच चित्रपट केले, शेवटचा १९४०चा, इटलीतला. मग क्षयाने गाठलं. जर्मन पॅरिसमध्ये शिरल्यानंतर फ्रान्समध्ये तिने एकही चित्रपट केला नाही. तरी १९४६ मध्ये, जर्मनांना साथ देणाऱ्यांना द्यायची, दहा वर्षांची 'राष्ट्रीय अप्रतिष्ठा' पदरात पडली, म्हणजे मतदानासकट नागरिकाचे हक्क गेले. जानेवारी १९५० मध्ये अठ्ठाविसाव्या वर्षी वारली. माझ्या मते बापाचं पाप लेकीने फेडलं.

शेवंती:
साफ असहमत. चित्रपटांबद्दल शिक्षा झाली असं म्हणतंय कोण? बाप झां ल्युशेर 'ले नूव्हो तां' हे जर्मनधार्जिणं वर्तमानपत्र चालवायचा. जर्मन राजदूत आबेट्झ त्याचा जुना दोस्त, इतका की आबेट्झची बायको पूर्वी ल्युशेरचीच सेक्रेटरी होती. पॅरिस रेशनच्या रांगेत उभं असताना ही बाई त्यांच्या मेजवान्यांत मिरवत होती. १९४४ मध्ये जर्मन हरू लागल्यावर पळतानाही बापासोबत जर्मनीत झिगमारिंगेनलाच, जर्मनधार्जिण्या फ्रेंचांच्या आसऱ्याच्या गावी, गेली.

जुना_प्रोजेक्टर:
आजारी मुलगी बापाबरोबर जाणार नाही तर कुठे जाईल? फेब्रुवारी १९४६ मध्ये त्याला गोळ्या घातल्या, हिशेब तिथे मिटला नाही का? उलट दुसरी फ्रेंच नटी दानिएल दारिए बघा. मार्च १९४२ मध्ये जर्मनांनी नेलेल्या फ्रेंच कलाकारांच्या आगगाडीतून बर्लिनला जाऊन आली, आणि पुढे कित्येक दशकं काम करत राहिली.

घाटवाट:
दारिएने नंतर सांगितलं की कैदेतल्या प्रियकराला सोडवण्यासाठी ती गेली होती. खरं-खोटं तिलाच ठाऊक, पण दोन्ही एका तागडीत घालू नका. (अवांतर: नटी आर्लेतीलाही जर्मन अधिकाऱ्याशी असलेल्या प्रेमाबद्दल अटक झाली होती. बायकांच्या शेजघरात डोकावायची हौस त्या काळी सगळ्यांनाच, हे धागाकर्त्याने लिहायला हवं होतं.)

शेवंती:
शेजघर राहू द्या, मी पुढे गाजलेल्या नटी सिमोन सिन्योरेबद्दल बोलते. कोरीनची शाळेतली ओळख, त्यामुळे ल्युशेरच्या कचेरीत नोकरी मिळाली. वडील ज्यू, तेही लंडनला. आई आणि दोन भावांचं पोट हिच्यावर. तरी १९४१ मध्ये ती नोकरी सोडून एक्स्ट्रा म्हणून चित्रपटांत उभी राहायला लागली. म्हणजे बाहेर पडायचा रस्ता होता.

आणि कोरीनला नाव मिळवून दिलं कोणी? 'प्रिझों'चे दिग्दर्शक मोगी ज्यू, त्यांना अमेरिका गाठावी लागली. तिच्याच 'ल दर्निए तुर्नां'चे दिग्दर्शक शनाल ज्यू, ते अर्जेंटिनाला गेले. ज्यांनी हिला घडवलं त्यांना देशोधडीला लावणाऱ्यांबरोबर ही जेवत होती.

जुना_प्रोजेक्टर:
मोगी-शनालचं माहीत होतं, पण असं शेजारी ठेवून पाहिलं नव्हतं. मेजवान्यांचा मुद्दा मान्य. दहा वर्षं मात्र अजूनही जास्तच वाटतात; त्यातली चारसुद्धा ती जगली नाही.