तांब्याचा मऊपणा, मठारकाम आणि कल्हई

तांबे मऊ असल्यामुळे त्याच्या भांड्यांना लवकर पोचे पडतात, असे म्हटले जाते. त्यात थोडी भर घालावीशी वाटते. शुद्ध तांबे मऊ असते हे खरे, परंतु पुण्याच्या कसबा पेठेतील तांबट आळीत बंबावर किंवा घंगाळावर जे मठारकाम, म्हणजे हातोडीने ठोके देण्याचे काम, होते, ते केवळ शोभेसाठी नसते. हातोडीच्या ठोक्यांनी धातूच्या स्फटिकांतील अणूंचे थर एकमेकांवरून सरकतात, त्यांतील दोष (अणूंच्या रचनेतील विसंगती) वाढून परस्परांत अडकतात आणि पत्रा कडक होत जातो. मात्र अति ठोकल्यास तो तडकू शकतो, म्हणून कारागीर मधेच तो लालसर तापवून पुन्हा मऊ करून घेतात. पोलादासारखे तापवून पाण्यात बुडवल्याने तांबे कडक होत नाही, हा फरक मला फार महत्त्वाचा वाटतो.

कल्हई, म्हणजे भांड्याला आतून दिलेला कथलाचा पातळ थर, जमते ती वितळणबिंदूंतील अंतरामुळे: कथील २३२ अंश सेल्सिअसला वितळते, तांबे १०८५ अंशांना. तापलेल्या भांड्यात टाकलेला नवसागर (अमोनियम क्लोराइड) पांढरा धूर सोडत पृष्ठभागावरील ऑक्साइड काढून टाकतो, आणि मगच कापसाच्या बोळ्याने फिरवलेले कथील तांब्याला धरते. कल्हई उडालेल्या पातेल्यात मात्र कढी किंवा चिंचेची आमटी करू नये, कारण आंबट पदार्थांत तांबे उतरते.