ख्रिस्तोफर मार्लो वाचायचाय, सुरुवात कुठून करू?

रात्रपाळी:
नमस्कार मंडळी. शेक्सपिअरची बरीचशी मोठी नाटकं वाचून झाली, काही इंग्रजीतून तर काही मराठी अनुवादांतून. त्याच्याच वयाचा मार्लो मात्र राहून गेला. नेटवर शोधलं की नाटकांपेक्षा त्याच्या खुनाबद्दलच जास्त सापडतं. क्रम काय ठेवावा? आवृत्ती कोणती? एखादं धड चरित्र? इंग्रजी बऱ्यापैकी येतं, पण त्या काळची वाचताना दमछाक होते.

गोदाकाठ:
'डॉक्टर फॉस्टस', दुसरा विचार नको. जादूच्या मोहाने सैतानाला आत्मा विकणाऱ्या विद्वानाचं नाटक. पण पुस्तक घेताना कोणती संहिता आहे ते बघा. मार्लो १५९३ मध्ये गेला आणि हे नाटक छापलं गेलं १६०४ मध्ये. १६१६ च्या छापील प्रतीत पावणेसातशेच्या आसपास ओळी जास्तीच्या आहेत, त्यात पोपच्या दरबारातली थट्टामस्करी बरीच वाढलीय. पहिल्या वाचनाला १६०४ चीच घ्या, तिला 'ए टेक्स्ट' म्हणतात. ऑक्सफर्ड वर्ल्ड्स क्लासिक्सच्या खंडात दोन्ही संहिता आहेत, शिवाय 'टॅम्बरलेन'चे दोन्ही भाग, 'द ज्यू ऑफ माल्टा' आणि 'एडवर्ड द सेकंड'. टिपाही चांगल्या आहेत.

सैतानाने धाडलेल्या मेफिस्टोफिलिसकडे लक्ष ठेवा. फॉस्टस त्याला विचारतो, नरकातून तू बाहेर कसा आलास? तो म्हणतो, बाहेर कुठे, हाच तर नरक. सैतानाचा दूतच करार करू नकोस म्हणून सुचवतोय आणि विद्वान माणसाच्या ते डोक्यातच शिरत नाही! शेवटच्या तासाचं स्वगत मोठ्याने वाचा. घरचे बघतील, बघू देत.

चहाटळ:
गोदाकाठ यांच्याशी असहमत. फॉस्टसचा मधला भाग कुठल्याही संहितेत रटाळच. जादूने सगळं जग हाताशी आलं आणि हा गडी राजेरजवाड्यांसमोर गारुड्याचे खेळ करतो.
(हो, तेच तर दाखवायचंय, ठाऊक आहे मला. तरी रटाळ.)

मी 'एडवर्ड द सेकंड' सुचवेन. भाषा त्यामानाने सरळ आहे. राजाचा जीव गॅव्हस्टनवर, सरदारांना तो डोळ्यांसमोर नको, राणी इझाबेला आधी बिचारी वाटते आणि मग बंडखोर सरदार मॉर्टिमरला जाऊन मिळते. कुणाची बाजू घ्यावी हे दर अंकात बदलतं. लगेच शेक्सपिअरचं 'रिचर्ड द सेकंड' घ्या, कोण कुणाकडून शिकलं ते दिसेल.

गोदाकाठ:
एडवर्डबद्दल मान्य. दुसरं तेच.

खारेपाटण:
'टॅम्बरलेन' विसरू नका. म्हणजे आपला तैमूरलंग. आपल्याला तो १३९८ च्या दिल्लीच्या कत्तलीमुळे माहीत, पण नाटक सगळं इराण, तुर्कस्तान, दमास्कस असंच फिरतं. मेंढपाळाचा पोर सुलतान बायझिदला पिंजऱ्यात कोंडून मिरवतो आणि दुसऱ्या भागात हरलेल्या राजांना रथाला जुंपतो. यमक नसलेली पाच ठोक्यांची ओळ रंगभूमीवर अशी घुमू शकते हे लंडनच्या प्रेक्षकाला १५८७ च्या सुमारास या नाटकाने दाखवलं. पहिला भाग जरूर वाचा, दुसरा आवडला तरच.

'ज्यू ऑफ माल्टा' मात्र सांभाळून. त्यातल्या ज्यू नायकाचं, बाराबासचं, चित्रण ज्यूद्वेषाने बरबटलेलं आहे. गंमत अशी की त्यातले ख्रिस्ती आणि तुर्कही तितकेच लबाड आहेत. 'मर्चंट ऑफ व्हेनिस' वाचलं असेल तर शेजारी ठेवून बघण्यासारखं.

रात्रपाळी:
भारी! आता खुनाचंही सांगूनच टाका. दारूच्या गुत्त्यातली मारामारी हे खरं का?

जुनीवही:
गुत्ता नव्हे, लंडनजवळ डेप्टफर्डला एलेनॉर बुल नावाच्या विधवेचं घर. ३० मे १५९३. मार्लो धरून चौघं दिवसभर एकत्र होते आणि बिलावरून बाचाबाची झाली, असं चौकशीच्या कागदात आहे. त्यातल्या इन्ग्रम फ्रायझरचा खंजीर मार्लोच्या उजव्या डोळ्याच्या वर घुसला. स्वसंरक्षण म्हणून फ्रायझरला महिनाभरात माफीही मिळाली. हा कागद लेस्ली हॉटसनने उजेडात आणला तो १९२५ मध्ये, तोवर नुसत्या दंतकथा.

शंका येते ती सोबत्यांमुळे. त्यातला रॉबर्ट पोली सरकारी हेर होता. आणि दहाच दिवस आधी नास्तिकपणाच्या संशयावरून मार्लोला प्रिव्ही कौन्सिलने (राणीच्या सल्लागार मंडळाने) बोलावून रोज हजेरी लावायला सांगितलं होतं. स्वतः मार्लोही हेरगिरीत असावा. १५८७ मध्ये केंब्रिज पदवी अडवून बसलं तेव्हा, याने राणीची चांगली सेवा केलीय, असं कौन्सिलनेच कळवलं. कँटरबरीच्या एका चांभाराच्या, शिष्यवृत्तीवर शिकणाऱ्या मुलासाठी कौन्सिलने असं लिहावं!

पुस्तक चार्ल्स निकोलचं 'द रेकनिंग', पण २००२ ची सुधारित आवृत्ती. खुनामागचा सूत्रधार कोण याबद्दल लेखकाने मत बदललंय. हेरांच्या भानगडीपेक्षा शाळा, विद्यापीठ, रंगभूमी यांत रस असेल तर डेव्हिड रिग्जने लिहिलेलं मार्लोचं चरित्र. मी आधी नाटकं आणि मग रिग्ज म्हणेन. उलट केलंत तर प्रत्येक संवादात हेर दिसायला लागतात.

रात्रपाळी:
ऑक्सफर्डचा खंड मागवला. दमछाकीवर काही उपाय?

गोदाकाठ:
ग्लोब थिएटरच्या २०११ च्या 'फॉस्टस'चं चित्रीकरण आहे, आधी एक अंक बघा, मग तोच वाचा. नट श्वास कुठे घेतो ते ऐकलं की ओळी आपोआप सुटतात.

चहाटळ:
आणि कविता? 'हीरो अँड लिअँडर' कुणीच काढली नाही. अर्धवट आहे, पुढचं कवी चॅपमनने लिहिलं. मार्लोचं संपतं तिथे थांबलात तरी चालेल. चावट आहे, ऑफिसात उघडू नका.