सहा चाकांची फॉर्म्युला वन गाडी खरंच पळायची का?

कुपवाडचा_फिटर
मंडळी एक शंका आहे, हसू नका. आमच्या एमआयडीसीतल्या शॉपवर एका पोरानं मोबाईलवर निळ्या रंगाच्या जुन्या रेस कारचा फोटो दाखवला, मागं दोन दांडगी चाकं आणि पुढं चार बारकी, एका बाजूला दोन. मी म्हटलं हे कायतरी कॉम्प्युटरवर केलंय, तो म्हणतो टिरल नावाच्या टीमची खरी गाडी आहे आणि रेस पण जिंकलीय. अर्धा किलो भडंगावर पैज लागलीय. खरी असेल तर एवढंच सांगा, पुढं चार चाकं कशाला लावली, आणि एवढं डोकं चालवलं होतं तर आज कुणाच्याच गाडीला का नाहीत?

वखारवाला_मिरज
भावा भडंग आणायला लाग, हरलास.

गाडीचं नाव टिरल पी३४. मालक केन टिरल, मूळ धंदा लाकडाचा, इंग्लंडात ओकम गावी वखार आणि तिथल्याच शेडमध्ये रेसची टीम. (आमची पण वखार आहे, आम्ही अजून टेबल-खुर्च्यांच्या पुढं गेलो नाही.) डिझायनर डेरेक गार्डनर. सप्टेंबर १९७५ ला लंडनमध्ये पत्रकारांसमोर आणली तेव्हा वरच्या कापडाखाली पुढं मुद्दाम कड्या लावल्या होत्या, म्हणजे आत नेहमीचीच मोठी चाकं आहेत असं वाटावं. कापड काढल्यावर निम्म्यांना वाटलं चेष्टा चाललीय.

डोकं असं की त्या वेळी जवळपास सगळे कॉसवर्थचं तेच डीएफव्ही इंजिन वापरायचे, मग दुसऱ्याच्या पुढं जायचं कसं? पुढची मोठी चाकं नाकाच्या दोन्ही बाजूंनी उघडी असतात, हवा त्यांच्यावर आदळते आणि गाडीचं पुढचं अंग उचलायला बघते. चाक १० इंची केलं की ते दीड मीटर रुंद नाकामागं लपतं. १० इंच म्हणजे आपल्या जुन्या चेतक स्कूटरची रिम बघ, फक्त टायर रुंद. पण एवढ्याशा टायरला पकड कुठली, म्हणून दोनाच्या जागी चार. ब्रेक पण चार चाकांना. ड्रायव्हरला ही बारकी चाकं दिसावीत म्हणून कॉकपिटच्या बाजूला खिडक्या ठेवल्या होत्या.

१९७६ ला स्पेनमध्ये पहिली रेस. मग १३ जूनला स्वीडनमध्ये अँडरस्टॉर्पला टिरलचे ड्रायव्हर, जोडी शेक्टर पहिला, पॅट्रिक डेपाये दुसरा, दोघंही सहा चाकीत! पुढं पळणाऱ्या आंद्रेटीचं इंजिन गेलं हे खरं, पण पोल (म्हणजे सुरुवातीची पहिली जागा) शेक्टरचीच होती. सीझनअखेर शेक्टर तिसरा, डेपाये चौथा.

बारा_टायरी_कराड
वखारवाले दादांनी चांगलं सांगितलं पण पुढं बंद का पडली ते राहिलं, आणि तो विषय आमच्या लाईनचा आहे. उसाच्या सीझनला बारा टायरी गाड्या येतात ना आमच्याकडं, पुढं दोन ॲक्सल, दोन्ही स्टीअरिंगला वळणारे, त्यात स्टीअरिंगचं लिंकेज (जोडणारे दांडे) जरा जरी हललं की दुसऱ्या ॲक्सलचा टायर महिन्यात साफ, मालक येऊन आम्हालाच शिव्या घालतो. पण आमचं निदान टायरचं माप तरी कुठल्याही दुकानात मिळतं, टिरलचं तसं नव्हतं, १० इंची टायर गुडइयर फक्त ह्या एका टीमसाठी बनवायची. मागचे टायर सगळ्या टीमचे सारखेच, ते सुधारत गेले, पुढचे जिथं होते तिथंच राहिले. म्हणजे मागं पकड वाढत चाललीय आणि गाडी पुढनं वळायलाच तयार नाही. शिवाय बारकं चाक त्याच स्पीडला जास्त फिरतं, त्यामुळं टायर पण तापतो आणि आतली ब्रेकची बारकी डिस्क पण. १९७७ ला पुढचा ट्रॅक (म्हणजे डाव्या-उजव्या चाकांमधलं अंतर) रुंद केला, चाकं नाकाच्या बाहेर आली, झालं, ज्यासाठी एवढा खटाटोप केला तेच गेलं. वजनही वाढलं. त्या वर्षी एक पण रेस जिंकली नाही, आणि रॉनी पीटरसनसारखा नावाजलेला ड्रायव्हर गाडीत बसून!

कुपवाडचा_फिटर
आयला म्हणजे गाडी चुकली नाही, टायरवाल्यानं मारली?

सज्जनगड_एक्सप्रेस
अर्धं मारलं म्हणा. हवेचा हिशोब पण पूर्ण बसत नव्हता, कारण पुढची चाकं कितीही लपवली तरी मागं ती दोन दांडगी चाकं उघडीच, हवा त्यांच्यावर आदळणारच. फायदा होता पण कागदावर वाटला तेवढा नाही. शेक्टरला तर गाडी कधी आवडलीच नाही, १९७७ ला वुल्फ टीमकडं गेला आणि पहिलीच रेस जिंकला, चार चाकांवर. १९७८ ला टिरलनं पण ००८ नावाची चार चाकी काढली आणि डेपायेनं तिच्यावर मोनॅकोची रेस मारली. मार्च आणि विल्यम्स ह्या टीमनी पण उलटं करून बघितलं, मागं चार, पण रेसला उतरलीच नाहीत. १९८३ पासून नियमच झाला, चाकं चारच.

पण गंमत ऐका. पुढं जुन्या गाड्यांच्या रेससाठी एव्हॉननं ते १० इंची टायर नव्यानं बनवून दिले आणि हीच पी३४ परत जिंकायला लागली.

बारा_टायरी_कराड
बघा! मी काय सांगत होतो, टायरच.

कुपवाडचा_फिटर
भडंग दिलं. पोरगं आता म्हणतंय चेतकच्या चार रिमा भंगारात बघूया, शॉपवर ट्रॉलीला लावू. लिंकेजला कराडवाल्या दादांना फोन करणार आहे, उचला.