शनिवारची सहल: वाटेत माउंट एरी आणि ७४० एएम

नमस्कार मंडळी,

सहलीसाठी पुन्हा ब्लू रिज पार्कवे हा डोंगररस्ताच ठरतोय असं दिसतं. पानगळ आपण दरवर्षी बघतो. या वेळी वाटेत माउंट एरी गावी दोन-अडीच तास थांबूया का? तिथं डब्ल्यूपीएक्यू नावाचं एक छोटं रेडिओ स्टेशन आहे, ७४० एएमवर (म्हणजे मीडियम वेव्हवर). दर शनिवारी अकरा ते दीड त्यांचा 'मेरी-गो-राउंड' हा गाण्याबजावण्याचा कार्यक्रम मेन स्ट्रीटवरच्या अर्ल थिएटरमधून थेट हवेत जातो. समोर बसून ऐकता येतो.

— काका, विन्स्टन-सेलम

काका,

म्हणजे कंट्री म्युझिकच ना? ते म्हणजे ट्रक, बिअर आणि सोडून गेलेली बायको. अडीच तास? पोरं जीव खातील. शिवाय रेडिओ स्टेशनात बघायचं काय?

— शार्लटवाला

शार्लटवाले साहेब,

तुम्ही म्हणता ते नॅशव्हिलच्या रेकॉर्ड कंपन्यांचं कंट्री. हे त्याच्या आजोबांचं घर.

स्टेशन सुरू झालं २ फेब्रुवारी १९४८ ला. राल्फ एपरसन हे त्याचे संस्थापक. तेव्हा गावोगावच्या स्टेशनांवर स्थानिक वादक थेट वाजवायचे. पुढं टीव्ही आला, तबकड्या स्वस्त पडू लागल्या, आणि बहुतेकांनी वादकांना नारळ दिला. एपरसन यांनी दिला नाही. सरी काउंटीत तंबाखूची शेती, ग्रॅनाइटची खाण आणि मोज्यांचे कारखाने. वाजवणारे तिथलेच. बेंटन फ्लिपन हा नावाजलेला फिडलवादक (फिडल म्हणजे व्हायोलिनच) मोज्यांच्या कारखान्यात नोकरीला होता. टॉमी जॅरेल हाही फिडलवादक, रस्ते खात्यात ग्रेडर (रस्ता सपाट करायचं यंत्र) चालवायचा. निवृत्त झाल्यावर देशभरातून पोरं फिडल शिकायला त्याच्या घरी येऊन राहायची. १९८२ साली त्याला राष्ट्रीय सन्मानवृत्ती मिळाली. राहायचा टोस्ट नावाच्या गावात. खरंच आहे ते नाव, नकाशात बघा.

ओल्ड-टाइम आणि ब्लूग्रास या इथल्या संगीताच्या दोन तऱ्हा. त्यांतला फरक मला कळायला दहा वर्षं लागली. ओल्ड-टाइममध्ये फिडल, बँजो, गिटार सगळे मिळून एकच चाल घोळवत राहतात, आपल्या भजनी मंडळासारखे. मध्येच कुणी 'आता माझं ऐका' म्हणत नाही, कारण ते मुळात नाचणाऱ्यांसाठी आहे. ब्लूग्रासमध्ये एकेक जण पुढं येऊन आपली तयारी दाखवतो. तिथं बँजो तीन बोटांनी वाजतो. ती पद्धत जगभर नेणारा अर्ल स्क्रग्ज आपल्याच नॉर्थ कॅरोलायनाचा, शेल्बीकडचा.

मागच्या खेपेला मी दुसऱ्या रांगेत होतो. काठी टेकत आलेल्या एका आजीबाईंनी काठी खुर्चीला लावली, पर्समधून टाचेला पत्रा ठोकलेले बूट काढले, पायांत घातले आणि स्टेजसमोर जाऊन नाचायला लागल्या. कमरेच्या वर काही म्हणजे काही हलत नव्हतं, सगळं घोट्याखाली. गाणं संपलं, बूट पर्समध्ये, काठी हातात. पोरं कंटाळणार नाहीत.

अजून एक. हे स्टेशन सूर्योदयापासून सूर्यास्तापर्यंतचं म्हणून सुरू झालं. रात्री एएमच्या लहरी आकाशातून परावर्तित होऊन शेकडो मैल जातात आणि त्याच ७४० वर टोरांटोचं मोठं स्टेशन आहे. त्यामुळं तेव्हा दिवस मावळला की यांनी गप्प बसायचं. डिसेंबरात दुकान लवकर बंद व्हायचं, जूनमध्ये उशिरा. सांगली आकाशवाणीवर 'ही सभा इथं समाप्त होत आहे' ऐकत वाढलेल्या माणसाला याचं फार अप्रूप वाटलं. फक्त इथली सभा सूर्य संपवायचा.

— काका

काका, आम्ही चौघं येतो. पण आमच्या नव्या इलेक्ट्रिक गाडीत एएम लागतच नाही! मोटरची खरखर येते म्हणून कंपनीनं ते काढूनच टाकलंय म्हणे. इंटरनेटवर स्टेशन लागतं, पण डोंगरात फोनचा भरवसा नाही. जेवणाचं काय?

— ताई, ग्रीन्सबरो

ताई,

थिएटरजवळच १९२३ पासूनचं स्नॅपी लंच आहे. पोर्क चॉप सँडविचसाठी लोक रांग लावतात. आपल्या शाकाहाऱ्यांचं तिथं भागणार नाही. काकू तिखटमिठाच्या पुऱ्या करणार आहेत, लोणचं तुम्ही आणा.

— काका

बरं काका, मीही येतो. बायको माझ्या आधीच यादीत नाव घालून बसली होती.

— शार्लटवाला

सर्वांना,

साडेनऊला आमच्या घरून निघू. हायवे ५२ ने उत्तरेला जाताना पायलट माउंटनचा गोल सुळका दिसला की ७४० लावा. ताईंसाठी माझा जुना ट्रान्झिस्टर घेतोय, मिरजेहून आणलेला. काटा फिरवायचा असल्यानं इथलं स्टेशन नीट सापडतं. चार मोठे सेल लागतात आणि माझे दोन फुगलेत. कुणाकडे असतील तर घेऊन या.

— काका